धोक्याची आणेवारी: काल्पनिक मुलखातल्या जागा कशा मोजाव्यात

फाशांवर खेळायच्या कथाखेळांसाठी, म्हणजे एकजण गोष्ट चालवतो आणि बाकीचे तिच्यातली पात्रं होऊन खेळतात अशा खेळांसाठी, नकाशे काढणारे बहुतेक जण प्रत्येक धोक्याच्या जागेला एकच आकडा देतात. "गुहा, पातळी पाच." खरं तर तो आकडा आत बसलेल्या राक्षसाचा असतो, जागेचा नव्हे. राक्षस मेला की पातळी शून्य होते. पण पडका आड राक्षसाशिवायही माणूस घेतोच.

आपल्या मराठवाड्यात याला लागणारी पट्टी आधीच आहे: पीक किती आलं ते मोजायची आणेवारी. कागदावर आता पैसेवारी लिहितात आणि ती पन्नास पैशांच्या आत आली की टंचाईची चर्चा सुरू होते, पण बोलताना आजही आणेवारीच म्हणतात. सोळा आणे म्हणजे भरलेलं पीक. आपल्या मुलखात सोळा आणे म्हणजे भरलेला धोका. त्याचे चार वाटे करायचे, प्रत्येकी शून्य ते चार आणे: जमीन, वारा-पाणी, वस्ती आणि परतवाट. जमिनीत कातळ, मुरूम, सुटलेले चिरे, उन्हाळ्यात भेगाळलेली काळी माती. वस्तीत राक्षस येतोच, पण आग्या मोहोळ आणि दगडाखालचं फुरसंही येतं. परतवाट सगळ्यात महत्त्वाची. तिथे चार आणे पडले, तर बाकी काहीही असो, एकूण बाराच्या खाली आणायचं नाही. हा नियम सोडला की बेरीज फसवते: शांत, रिकामी, पण आत शिरल्यावर बंद होणारी खोली चार आण्यांत सुटते आणि खेळाडू गाफील राहतात.

वारा-पाणी कसं मोजायचं ते आडावर बघू. वर्षानुवर्षं उपसा नसलेल्या अरुंद आडात पाला आणि गाळ कुजतो, प्राणवायू कमी होतो आणि हवेपेक्षा जड असा कार्बन डायऑक्साइड तळाशी साचतो. वरून काहीच दिसत नाही. खेळातल्या टोळीने दोरीला हातहातभर अंतरावर गाठी माराव्यात, टोकाला कंदील बांधावा आणि प्रत्येक गाठीला थांबत तो खाली सोडावा. ज्या गाठीला ज्योत बारीक होते, तिच्याखाली कुणी उतरायचं नाही. हवेत प्राणवायू साधारण २१ टक्के असतो. तो १६ टक्क्यांच्या आसपास आला की ज्योत विझते. मात्र ज्योत टिकली म्हणून आड निर्धोक ठरत नाही. कुजक्या अंड्याच्या वासाचा वायू ज्योतीला कळत नाही, आणि तो जास्त असला की नाकच बधिर होऊन वास येईनासा होतो. गाळातून पेटणारा वायू निघत असेल तर उघडी ज्योतच घात करते. म्हणून कंदील पेटता राहिला तर वारा-पाण्याचा एकच आणा कमी करायचा. आणि अशा आडात बळी एकाचा जात नाही. पहिल्याला काढायला दुसरा उतरतो, दुसऱ्यासाठी तिसरा. खेळ चालवणाऱ्याने हा मोह मुद्दाम समोर ठेवावा, कारण खरा धोका तिथेच आहे.

आणे कुणाच्या बाजूने मोजतो, हेही लिहून ठेवावं. देवगिरीची अंधारी डोळ्यांसमोर आणा: वळणावळणाचा काळोखी बोगदा, वरच्या तोंडाशी विस्तव पेटवून आत धूर कोंडायची सोय. चढून येणाऱ्याला ती चौदा-पंधरा आणे, वरच्या पहारेकऱ्याला जेमतेम दोन. पण १२९६ साली अल्लाउद्दीन खिलजीने वेढा घातला तेव्हा रामदेवरायाला नमावं लागलं ते रसद तुटल्यामुळे. गोण्यांत धान्याऐवजी मीठ निघालं, अशी कथाच आहे. म्हणजे किल्ल्यात अडकलेल्यांचे आणे मोजताना कोठारातले दिवस परतवाटेत धरावेत: महिन्याचं धान्य असेल तर एक आणा, आठवड्याचं उरलं तर तीन.

आता फासा. वीस बाजूंचा घ्यावा. जागेच्या प्रत्येक नव्या टप्प्यावर टाकावा. जितके आणे तितका किंवा त्याहून कमी आकडा पडला की धोका अंगावर येतो. एक आणा म्हणजे पाच टक्के. इथे हमखास चूक होते ती टप्प्यांची. आठ आण्यांची जागा मध्यम वाटते, पण तिथे तीन टप्पे ठेवले तर एकदाही धोका न येता पार होण्याची शक्यता २१.६ टक्केच उरते. बारा आण्यांना ती ६.४ टक्के. त्यामुळे आठच्या वरच्या जागेत दोनपेक्षा जास्त टप्पे नकोत, नाहीतर खेळाडूंच्या हुशारीला काही किंमतच राहत नाही.

पिकासारखीच ही आणेवारीही तीनदा करावी. नजर आणेवारी गुराख्यांच्या सांगण्यावरून किंवा लांबून बघून. ती दोन-तीन आण्यांनी चुकलेलीच असावी, त्यातच खेळाची मजा आहे. सुधारित, कुणी आत जाऊन परत आल्यावर. अंतिम मात्र हंगामाची. नळदुर्गचा पाणीमहाल बोरी नदीवरच्या बंधाऱ्याच्या पोटात आहे. उन्हाळ्यात तिथे पायऱ्या उतरून जाता येतं, नदीला पूर आला की त्याच बंधाऱ्यावरून पाणी कोसळतं. तशी जागा तुमच्या नकाशावर असेल तर आकडे दोन लिहा, मृगाच्या आधीचा आणि नंतरचा, आणि नंतरचा लाल शाईने.