माचाचे तीन प्याले आणि मावशीची गुणक्री

जपानमध्ये जाहिरातीत ‘कोतो संगीतासह चहा’ असं दिसलं (कोतो हे तिथलं तंतुवाद्य) तर पैसे भरण्याआधी दोन शब्द विचारून घ्या: ‘नामा एन्सो?’ म्हणजे वादन प्रत्यक्ष आहे का? आम्ही विचारलं नाही. क्योटोतल्या पहिल्याच दुपारी ज्या चहाघरात गेलो तिथे कोतो वाजत होती खरी, पण कोपऱ्यातल्या स्पीकरमधून. मावशीने मिरजेत चाळीस वर्षं गाणं शिकवलंय. तीच ओळ तिसऱ्यांदा आली तेव्हा ती म्हणाली, “टेप लावलीय गं यांनी.” चहा ठीक होता. पैसे गेले ते गेले.

दुसऱ्या दिवशी हॉटेलच्या बाईंना फोन करायला सांगून, नीट चौकशी करून हिगाशियामा भागातल्या एका जुन्या लाकडी घरात गेलो. पाहुणे आठच. कोतो भिंतीशी आडवी ठेवलेली, माणसाच्या उंचीएवढी लांब. तेरा तारा आणि प्रत्येक तारेखाली सरकवता येणारी वेगळी घोडी, म्हणजे तार उचलून धरणारा तुकडा. वादक बाई घोड्या सरकवून स्वर लावत होत्या. आपल्याकडे तानपुरे जुळवताना गायक बोलत नाहीत, तसंच तिथेही सगळे गप्प. उजव्या हाताच्या अंगठ्याला, तर्जनीला आणि मधल्या बोटाला नख्या. डावा हात घोडीच्या पलीकडे तार दाबून स्वर चढवतो. मावशीने मला कोपर मारलं. मींड! एका स्वरावरून दुसऱ्यावर तार न सोडता घसरत जाणं, तेच हे.

त्यांनी ‘रोकुदान’ वाजवलं. ही रचना यात्सुहाशी केंग्यो (1614–1685) या अंध संगीतकाराच्या नावावर सांगितली जाते. रोकु म्हणजे सहा, दान म्हणजे टप्पा. प्रत्येक दान 104 मात्रांचं, फक्त पहिल्याला सुरुवातीच्या चार मात्रा जास्तीच्या. सुरुवात इतकी सावकाश की दोन स्वरांमध्ये बाहेरच्या सायकलची घंटी ऐकू यावी. मग लय वाढत जाते आणि शेवटी पुन्हा उतरते. कोतोच्या या जुळवणीला ‘हिराजोशी’ म्हणतात. तिच्यातल्या एका स्वराला सा धरलं तर उरतात कोमल रे, मध्यम, पंचम आणि कोमल ध. मावशी कुजबुजली, “अगं, ही तर गुणक्री.” आपल्या गुणक्री रागाचे हेच पाच स्वर. अर्थात इथे राग वगैरे नाही, चलन सगळं वेगळं. पण सांगलीपासून इतक्या लांब येऊन ओळखीचे पाच स्वर भेटल्यावर म्हातारीचा चेहरा जो खुलला, त्याचे साडेसहा हजार येन मी पुन्हा मोजेन.

तिथली एक गोष्ट मला फार आवडली. चहा सुरू झाला तेव्हा कोतो थांबली. वादक बाई हात मांडीवर ठेवून आमच्यासारख्याच बघत बसल्या. चहाच्या मूळ परंपरेत, म्हणजे चहागुरू सेन नो रिक्यू (1522–1591) याने घडवलेल्या साध्या, उण्या चहात, चहा करताना वाद्य वाजत नाही. आवाज असतो तो पाण्याच्या किटलीचा. काही किटल्यांच्या आत तळाला लोखंडाचे तुकडे मुद्दाम चिकटवलेले असतात, म्हणजे पाणी तापताना ती गुणगुणते. जपानी लोक त्या आवाजाला ‘मात्सुकाझे’ म्हणतात, पाइनच्या झाडांतला वारा. त्यावर कोतो वाजवणं म्हणजे तानपुऱ्यावर बँड लावण्यासारखं. ही सोय आपल्यासारख्या प्रवाशांसाठी केलेली आहे. वाईट मुळीच नाही, पण चहाच्या आधी किंवा नंतर वाजवणारी जागा निवडा.

आता बसण्याचं. तातामीवर, म्हणजे जमिनीवरच्या गवती चटईवर, ‘सेइझा’ घालून बसायचं, म्हणजे आपलं वज्रासन. दहा मिनिटं छान वाटतं, विसाव्या मिनिटाला पाय कुणाचे आहेत कळत नाही, आणि उठताना मी शेजारच्या बेल्जियन काकांच्या खांद्याचा आधार घेतला. पाय सैल सोडून बसलात तर कुणी रागावत नाही, यजमान स्वतःच सांगतात. मावशीच्या गुडघ्यांसाठी त्यांनी बुटकं स्टूल दिलं. बुकिंगच्या वेळीच सांगून ठेवा. मोजे पांढरे आणि न फाटलेले हवेत. अंगठी आणि घड्याळ काढून ठेवा, कारण वाडगा शंभर वर्षांचाही असू शकतो. अत्तर लावू नका. तातामीच्या कापडी काठावर पाय द्यायचा नाही. उंबऱ्यावर पाय न देणाऱ्या घरात वाढलेल्यांना हे वेगळं शिकवावं लागत नाही.

आधी गोड येतं, ते संपवायचं, मग चहा. रिकाम्या पोटी माचा, म्हणजे हा हिरव्या चहाच्या पुडीचा घुसळलेला चहा, घेतला तर पोटात ढवळतं. गोड बहुधा अझुकीच्या लाल चवळीसारख्या दाण्यांच्या सारणाचं असतं. पुरणच ते, फक्त गुळाऐवजी साखर आणि वेलची-जायफळ गायब. शाकाहारी मंडळींनी फार घाबरू नये. तांदळाचं पीठ, डाळ, साखर, समुद्री शेवाळाचा कांतेन एवढंच बहुतेकांत असतं. दोरायाकी (सारण भरलेले पॅनकेक) आणि कास्तेला (स्पंज केक) यांत मात्र अंडं असतं. जैन असाल तर विचारा, कारण पांढऱ्या वाफवलेल्या ‘जोयो मांजू’च्या पिठात रताळ्यासारखा कंद किसून घालतात. वाडगा डाव्या तळहातावर ठेवायचा, उजव्या हाताने थोडा फिरवून त्याची दर्शनी बाजू ओठांपासून दूर करायची, तीन-साडेतीन घोटांत संपवायचा. शेवटचा घोट आवाज करून ओढायचा. घरी ओरडा बसला असता, इथे तीच रीत.

तिसरा दिवस गिओन या गेइशांच्या वस्तीतल्या मियाको ओदोरी या नाचाचा. खरं तर तिकीट आम्ही मिरजेतूनच काढलं होतं, आणि एप्रिलमध्ये क्योटोला जाण्याचं कारणही तेच. संपूर्ण एप्रिल हा नाच गिओन कोबुच्या काबुरेन्जो थिएटरमध्ये होतो. दुरुस्तीसाठी कित्येक वर्षं बंद असलेलं हे थिएटर 2023 मध्ये पुन्हा उघडलं. राजधानी तोक्योला गेल्यावर मरगळलेल्या क्योटोने 1872 साली प्रदर्शन भरवलं, त्यात हा नाच सुरू झाला. परदेशी पाहुण्यांना जमिनीवर बसता येईना, म्हणून चहाच्या उरासेंके घराण्याचे अकरावे प्रमुख गेंगेन्साई यांनी टेबल-खुर्चीवरचा चहा बसवला तोही त्याच प्रदर्शनासाठी. त्याला ‘र्‍युरेई’ म्हणतात. म्हणजे आपण प्रवासी जी सवलत मागतो ती दीडशे वर्षांची जुनी आहे. मावशी हे ऐकून खुर्चीत जरा ताठ बसली.

तिकीट चहासकट घ्या. 2024 मध्ये ते सात हजार येनच्या घरात होतं, बिनचहाचं हजारभर कमी. थिएटरला तासभर आधी पोचा, नाहीतर चहा हुकतो. आणि अपेक्षा आवरा: मोठा हॉल, लांब टेबलं, समोर गेइको (क्योटोतली गेइशा) माचा घुसळते, शेजारी माइको, म्हणजे शिकाऊ गेइको, मदतीला. पण तिच्या हातचा चहा मुख्य पाहुण्याला, आपले वाडगे आतून तयार होऊन येतात. दहा मिनिटांत उठवतात. शांतता शोधायला इथे जाऊ नये. गोडाची छोटी बशी मात्र आपली, गुंडाळून घरी न्यायची.

मग नाच. अंधारात आरोळी उठते, “मियाको ओदोरी वाऽ”, उत्तर येतं “योऽइयासाऽ”, आणि दोन्ही बाजूंच्या वाटांवरून निळ्या किमोनोतल्या माइको येतात. प्रेक्षागृहाच्या दोन्ही भिंतींलगत वादक, सगळ्या बायका: एकीकडे शामिसेन (तीन तारांचं वाद्य) वाजवणाऱ्या आणि गाणाऱ्या, दुसरीकडे बासरी, ढोल, घंटा. पडदा न पाडता तासाभरात सगळे ऋतू फिरतात आणि शेवटी चेरी फुलते. मावशीने नाच अर्धाच पाहिला, उरलेला वेळ ती शामिसेनवाल्यांकडे बघत होती. तिचा सल्ला असा की बाजूची जागा मिळाली म्हणून हळहळू नका, वादक जवळून दिसतात. खेळ चालू असताना फोटो काढता येत नाहीत.

केइहान रेल्वेच्या गिओन-शिजो स्टेशनवरून चालत जा, बसच्या नादी लागू नका. वाटेतल्या खासगी गल्ल्यांत शिरू नका, दंडाच्या पाट्या आहेत. एप्रिल जमत नसेल तर कामोगावा ओदोरी मे महिन्यात, गिओन ओदोरी नोव्हेंबरमध्ये असतो. तिथेही चहाचं तिकीट मिळतं.

एक दिवस उरला होता. जेआर नारा लाइनने उजीला गेलो, गाडी जलद असेल तर वीसेक मिनिटं. दहा येनच्या नाण्यावरचं ब्योदोइन देऊळ पाहून नदीकाठच्या ताइहोआनमध्ये शिरलो. हे नगरपालिकेचं चहाघर, आगाऊ बुकिंग नको, शेजारच्या पर्यटन केंद्रात तिकीट मिळतं. तिथे संगीत नाही. खोलीत आम्ही दोघी, एक जपानी जोडपं आणि चहा करणाऱ्या आजी. किटली गुणगुणत होती. मावशीने डोळे मिटले. आजींनी किटलीत गार पाण्याचा डाव ओतला तसा आवाज एकदम थांबला, आणि मिटल्या डोळ्यांनीच मावशीची मान सम आल्यासारखी हलली. आजींनी ते पाहिलं. पुढे भाषेची अडचण दोघींना आली नाही; मी मध्ये बोलायचा प्रयत्न केला तर मावशीने हाताने गप्प केलं.

बशा मी हातातल्या बॅगेत, मोज्यांत गुंडाळून आणल्या. माझी फुटली. मावशीची मिरजेला तानपुऱ्यापाशी आहे, तिच्यात खडीसाखर असते.