वारूळ होतं काय रे तिथे?

गेल्या पावसात आमच्या सोसायटीच्या लॉनवर मोठमोठ्या पांढऱ्या छत्र्या उगवल्या आणि माझ्या आत्येभावाला वाटलं गावची अळंबीच आली की, त्याने सातआठ काढल्या, कांदा आणि ओलं खोबरं घालून भाजी केली, एकट्यानेच खाल्ली, आणि दोन तासात उलट्या-जुलाब असे सुरू झाले की त्याला उभं राहवेना. मी कचऱ्याच्या डब्यातून उरलेली एक छत्री शोधून कागदात गुंडाळली आणि त्याला घेऊन थेट हॉस्पिटल गाठलं.

डॉक्टरांनी पहिलं विचारलं, किती वाजता खाल्लं आणि त्रास कधी सुरू झाला. कारण दोनतीन तासात उलट्या झाल्या तर बहुतेक वेळा सलाईनवर माणूस सावरतो, पण सहा-बारा तास काहीच होत नाही आणि मग सुरू होतं ते जास्त घातक. त्यात दुसऱ्या दिवशी बरं वाटायला लागतं, लोक घरी जातात, आणि आतून लिव्हर जात असतं. 2022 मध्ये आसामात चहामळ्यातली माणसं अशी रानातली अळंबी खाऊनच गेली, लहान मुलंसुद्धा. आणि एकाच जेवणात दोन जातीही असू शकतात, म्हणून लवकर उलट्या झाल्या तरी निर्धास्त राहायचं नाही. याच्याही लिव्हरच्या टेस्ट दोन दिवस परत परत केल्या.

कागदातली छत्री मी नंतर नीट बघितली, वर तपकिरी खपल्या, देठावर अंगठीसारखं कडं, आणि छत्रीखालच्या पापुद्र्यांवर हिरवट झाक. कोवळी असताना ते पांढरेच असतात, तिथेच सगळे फसतात. गावी काकीला फोन केला तर तिचा एकच प्रश्न, "वारूळ होतं काय रे तिथे?" ती काढते त्या अळंबीचा देठ मुळासारखा खोल वारुळात गेलेला असतो, वर मधोमध टोक असतं. पण नुसतं एवढं बघूनही खाऊ नका, काढणारं माणूस पिढ्यानपिढ्या त्याच जागची काढणारं हवं.

चांदीचा चमचा काळा पडतो, लसूण रंग बदलतो, किड्यांनी खाल्लं म्हणजे चालतं, हे सगळं खोटं आहे. शिजवूनही ते लिव्हरचं विष जात नाही.

कोणी खाल्लंच तर मीठपाणी पाजून उलटी काढत बसू नका, त्रास सुरू व्हायची वाट बघू नका, 108 ला फोन करा, उरलेली अळंबी किंवा भाजी बरोबर न्या आणि त्या ताटात जेवलेल्या सगळ्यांनाच न्या, ज्याला काही होत नाहीये त्यालासुद्धा.