चिकनचा स्लॉपी जो आणि खिम्यातले पाणी

चिकनचा स्लॉपी जो करायला पाऊण तास पुरतो, पण तो मनासारखा जमायला मला चार रविवार लागले आणि त्यांतले तीन निव्वळ खिम्यातल्या पाण्यापायी गेले. ही गोष्ट मी वाचलेल्या एकाही पाककृतीत लिहिलेली नव्हती, दुकानदाराने आपण होऊन सांगितली नाही आणि विचारल्यावरही त्याने ती मनावर घेतली नाही. त्याचा राग अजून गेलेला नाही, म्हणून जे घडले ते सविस्तर लिहितो आहे.

स्लॉपी जो हा अमेरिकेतल्या घराघरांत होणारा सँडविचचा प्रकार आहे. गोमांसाचा खिमा कांद्याबरोबर परतायचा, त्यात टोमॅटो सॉस किंवा केचप, वूस्टरशर सॉस आणि थोडी साखर घालून तो ओलसर, आंबटगोड होईपर्यंत शिजवायचा आणि बर्गरच्या गोल पावात भरायचा. तो तिथे इतका रुळलेला आहे की हंट्स या तिथल्या ब्रँडने १९६९ मध्ये मॅनविच या नावाने त्याचा तयार सॉस डब्यात भरून विकायला आणला. माझी थोरली बहीण अमेरिकेत आयोवामध्ये राहते. तिच्याकडे गेलो असताना पहिल्याच रात्री तिने तो वाढला आणि मला धोबी तलावच्या कयानीत, १९०४ पासून चालू असलेल्या त्या इराणी हॉटेलात खाल्लेला खिमा पाव आठवला. फरक एवढाच की तिथे गरम मसाला पुढे असतो आणि इथे टोमॅटो.

गेल्या वर्षी माझ्या रक्ततपासणीत कोलेस्टेरॉल वाढलेले निघाले आणि डॉक्टरांनी मटण अगदी कमी करायला सांगितले, तेव्हा मला या सँडविचची आठवण झाली. ताईच्या घरी हल्ली त्यासाठी टर्की या कोंबडीहून मोठ्या पक्ष्याचा खिमा वापरतात. मुंबईत टर्की रोजच्या बाजारात मिळत नाही, त्यामुळे कोंबडीच घ्यायची हे ठरले. अमेरिकेत यासाठी गोमांसाचा जो नेहमीचा ८०-२० चा खिमा वापरतात, त्यात १०० ग्रॅममागे २० ग्रॅम चरबी असते, तर कातडी काढलेल्या कोंबडीच्या छातीच्या मांसात ती जेमतेम ३ ग्रॅम भरते. नुसत्या आकड्यांकडे पाहिले, तर हा बदल सोपा वाटतो.

पहिल्या रविवारी दादरमधल्या आमच्या नेहमीच्या दुकानातून अर्धा किलो बोनलेस चिकनचा खिमा करून आणला. घरी आल्यावर आई म्हणाली, ''आधी दोन-तीन पाण्यांनी धू रे, मग काय ते कर.'' आमच्याकडे मांस धुतल्याशिवाय चुलीवर चढत नाही, त्यामुळे मीही तो चाळणीत घेऊन नळाखाली धुतला, निथळला आणि गरम कढईत टाकला. पहिले अर्धे मिनिट चर्र आवाज आला आणि मग तो थांबला. पाहता पाहता कढईत बोटभर पांढुरके पाणी साचले आणि त्यात खिम्याचे राखाडी गोळे उकळू लागले. मी आच मोठी केली, वीस मिनिटे पाणी आटवले, तोवर मांस रबरासारखे झाले. त्यावर सॉस ओतला, तर तो खिम्याला धरेना. पावात भरल्यावर दोन मिनिटांत खालचा पाव लगदा होऊन ताटाला चिकटला आणि मुलाने तो चमच्याने खरवडून खाल्ला.

दुसऱ्या रविवारी मी खिमा धुतला नाही, आईची समजूत काढली आणि तरीही पाणी सुटलेच, थोडे कमी, पण सुटलेच. या वेळी मला वाटले की दोष टोमॅटोचा असेल, म्हणून तिसऱ्या रविवारी ताज्या टोमॅटोऐवजी टोमॅटोची पेस्ट आणली. पेस्ट घालण्याची वेळ यायच्या आधीच कढईत पुन्हा तेच पांढुरके पाणी दिसले. त्या दिवशी मी सगळे तसेच ठेवले, उरलेला कच्चा खिमा चाळणीत घालून खाली भांडे ठेवले आणि फ्रिजमध्ये सरकवला. तासाभराने भांड्यात पाणी जमलेले होते. पुढच्या खेपेला मी काट्यावर मोजून पाहिले, तेव्हा ५०० ग्रॅम खिम्यातून ७० ग्रॅम पाणी निथळले. म्हणजे मी चिकनच्या भावाने पाणी विकत घेत होतो आणि वर त्याच पाण्याने माझा पदार्थ बिघडत होता.

दुकानात जाऊन नीट उभा राहून पाहिल्यावर उलगडा झाला. सोललेली कोंबडी तिथे पाण्याच्या पिंपात बुडवून ठेवलेली असते, तुकडे केल्यावर ते पुन्हा पाण्यातून काढतात आणि मशीनमध्ये घालताना वरून आणखी एक तांब्या ओततात. मी दुकानदाराला म्हटले की मला कोरडा खिमा हवा आहे, पाणी न घालता करून द्या. तो म्हणाला, ''साहेब, मशीनला पाणी लागतंच, नाहीतर माल आत अडकतो. इतकी वर्षं असाच देतोय, कुणाची तक्रार नाही.'' मी म्हटले की तक्रार माझी आहे. त्यावर त्याने पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळून पाहिले. मला सर्वांत जास्त लागले ते हे. पैसे परत मागायला मी गेलो नव्हतो, एका वाटीभर पाण्याविषयी सरळ उत्तर मागत होतो.

रात्री ताईला फोन केला. सगळे ऐकून तिने एकच प्रश्न विचारला, ''तिथे खिमा ओला करतात का रे? इथे कुणी खिम्याला पाणी लावत नाही, ट्रेमधून काढायचा आणि थेट तव्यावर टाकायचा.'' तिथल्या पाककृतींत ही सूचना का नसते, ते मला त्या वाक्याने कळले. ती लिहिणाऱ्यांच्या हातात खिमा कोरडाच येतो. अमेरिकेच्या कृषी विभागाचा सल्लाही कच्ची कोंबडी धुऊ नये असाच आहे, कारण शिंतोड्यांबरोबर जंतू ओट्यावर आणि भांड्यांवर पसरतात. ते मरतात उष्णतेने, कोंबडीचे मांस आतपर्यंत ७४ अंश सेल्सिअसला पोचल्यावर.

कारण समजले की उपाय सुचतो. पाणी १०० अंशांना उकळते, आणि मांस तांबूस होऊन त्याला भाजल्याचा खमंग वास येण्यासाठी त्याचा पृष्ठभाग त्याहून बराच जास्त, साधारण १४० अंशांपर्यंत तापावा लागतो. कढईत पाणी आहे तोवर मांस १०० अंशांवर अडकून राहते, म्हणजे ते परतले न जाता उकडले जाते. चरबीदार खिम्यात निदान सुटलेली चरबी पुढे त्याला तळून काढते, पण कोंबडीच्या हलक्या खिम्यात ती सोयही नसते. पदार्थ हलका करायचा असेल, तर आधी तो कोरडा करणे भाग आहे.

चौथ्या रविवारी मी खिमा आणलाच नाही. त्याच दुकानातून सबंध तुकडे घेतले, तीन भाग छातीचे आणि एक भाग तंगडीचे, कारण नुसत्या छातीच्या मांसाचा खिमा शिजल्यावर भुशासारखा कोरडा लागतो. आईच्या समाधानासाठी तुकडे एका पातेल्यात, नळाच्या धारेखाली न धरता धुतले आणि ते पाणी हळूच ओतून पातेले आणि मोरी साबणाने घासून काढली. मग स्वच्छ सुती पंचाने तुकडे दाबून दाबून टिपले आणि फ्रिजच्या सर्वांत खालच्या कप्प्यात ताटात पसरून पाऊण तास उघडे ठेवले. हात लावल्यावर ते बोटाला किंचित चिकट लागले पाहिजेत, ओले नव्हे. त्यानंतर धारदार सुरीने आधी पट्ट्या, मग बारीक तुकडे आणि शेवटी सुरी डोलवत खिमा केला. अर्धा किलोला पंधरा मिनिटे लागली. मिक्सरमध्ये करू नका, त्याची पेस्ट होते.

लोखंडी कढई धूर निघेपर्यंत तापवून त्यात एक मोठा चमचा तेल घातले आणि खिमा दोन वेळा करून, अर्धा अर्धा, पसरून टाकला. तीन मिनिटे उलथणे अजिबात लावले नाही. चर्र आवाज या वेळी शेवटपर्यंत थांबला नाही, आणि कडा तांबूस होताना दिसल्या तेव्हा मी आईला स्वयंपाकघरात हाक मारून ते दाखवले.

पुढचे काही अवघड नाही. खिमा काढून त्याच कढईत दोन कांदे, एक ढोबळी मिरची आणि लसूण परतली, तीन टोमॅटोंची प्युरी आणि तीन चमचे केचप घातले. इथे एक गोष्ट आपल्या सवयीच्या आड येते. आपण मसाला तेल सुटेपर्यंत परततो, पण एवढ्या कमी तेलात तेल सुटतच नाही आणि त्याची वाट पाहत बसले, तर टोमॅटो करपतो. उलथण्याने कढईच्या तळाशी रेघ ओढावी, ती लगेच भरून न येता क्षणभर उघडी राहिली की सॉस आटला असे समजावे. मग खिमा परत घालून पाच-सहा मिनिटे एकत्र शिजवला, म्हणजे तो आतपर्यंत शिजतो आणि सॉसही धरतो.

वूस्टरशर सॉससाठी वेगळी बाटली आणण्याची गरज मला वाटली नाही. इंग्लंडमधल्या वूस्टर गावच्या मूळ सॉसमध्ये व्हिनेगर, काकवी आणि खारवलेल्या माशांबरोबर चिंचही असते, त्यामुळे एक चमचा चिंचेचा कोळ, सुपारीएवढा गूळ आणि अर्धा चमचा व्हिनेगर घातल्यावर चव बरीच जवळ आली. मोहरीची पूड पाव चमचा आणि रंगाला काश्मिरी मिरची. गरम मसाला घालायचा मोह इथे आवरावा, नाहीतर तो खिमा पाव होतो. खिमा पावाबद्दल मला अतोनात प्रेम आहे, पण मी तो करायला बसलो नव्हतो.

मिठाचे सांगायचे राहिले आणि ते महत्त्वाचे आहे. खिम्याला आधी मीठ चोळून ठेवू नये. मिठाने मांसातली प्रथिने सुटून चिकट होतात आणि कबाबासारखा गोळा बांधला जातो, जे कबाबात हवे असते आणि इथे नको असते. पहिल्या रविवारच्या त्या राखाडी गोळ्यांना पाण्याबरोबर माझे मीठही कारण होते, हे मला फार उशिरा कळले. मीठ सॉसमध्ये घालावे.

पावाचीही थोडी काळजी घ्यावी लागते. सकाळचा ताजा लादी पाव इतका मऊ असतो की कोणताही सॉस तो लगेच पितो, म्हणून आदल्या दिवशीचा घ्यावा आणि आतल्या बाजूंना तव्यावर कडक सोनेरी होईपर्यंत भाजावे. मला स्वतःला ब्रुन पाव अधिक आवडला, कारण त्याची कडक पाठ रस झेलते, पण आईच्या दातांना तो झेपत नाही. अर्ध्या किलो चिकनच्या सारणात आठ लादी पाव नीट भरले. त्या रविवारी आम्ही चौघांनी दोन-दोन खाल्ले आणि ताटे उचलताना एकाही ताटात पाणी नव्हते.