पाटणादेवी-कण्हेरगड: चढताना काय न्यावं, काय टाळावं

चाळीसगावहून पाटणादेवी साधारण 18 किलोमीटर. देवीच्या मंदिरामागे कण्हेरगड उभा आहे आणि हा सगळा भाग 1986 पासून गौताळा-औट्रमघाट अभयारण्यात येतो. त्यामुळे आधी वनखात्याच्या नाक्यावर नोंद, मगच चढाई. गट आठ-दहा जणांचाच बरा. त्याहून मोठा झाला की मागचे पायवाट सोडून कडेने चढू लागतात.

नुकसान होतं ते याच कडेच्या चढाईने. उतारावर मुरूम सुटा आहे, त्याला गवताच्या मुळांनी धरून ठेवलंय. वळण वाचवायला चारजण सरळ वर गेले की गवत तुटतं, पुढच्या पावसात तिथूनच पाणी धावतं आणि वर्षभरात तिथे घळ पडते. वाट ओली असली तरी एकामागे एक, मधूनच चाला. बूट चिखलाने भरले तर भरू द्या.

नागार्जुन कोठी आणि सीता न्हाणी या लेण्यांत कोरीव कामाला हात लावू नका, घामाने दगड काळवंडतो. संरक्षित स्मारकावर नाव कोरलं तर 1958 च्या कायद्याने दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो, दोन्हीही. कपारीत आग्यामोहोळ दिसलं तर अत्तर, धूर, आरडाओरडा, ड्रोन काहीही नको. माश्या उठल्याच तर तोंड झाकून तिथून लांब पळा आणि काटा नखाने लगेच खरवडून काढा.

माणशी तीन लिटर पाणी खालूनच भरून घ्या, गडावरच्या टाक्यांच्या भरवशावर राहू नका. केदारकुंडात साबण-शॅम्पू तर अजिबात नको. पावसाळा सरला की धार बारीक होते, फेस कुंडातच साचून राहतो आणि तेच पाणी जनावरं पितात. शौचाला पाण्यापासून किमान 70 पावलं लांब जा, वीतभर खोल खड्डा करा, नंतर मातीने बुजवा. ओले टिश्यू कुजत नाहीत, ते पिशवीत घालून परत आणायचे.

खायला कळण्याची भाकरी, शेंगदाण्याची चटणी, कांदा, सगळं फडक्यात बांधून न्या. पाकिटबंद खाऊ असेल तर त्याचा फाडलेला कोपरा सांभाळा. रानात सगळ्यात जास्त सापडतो तो हाच नखाएवढा चकाकता तुकडा, कारण तो पडलेला कुणाच्या लक्षातच येत नाही. पाकीट घरीच उघडून खाऊ डब्यात भरला तर प्रश्नच मिटतो. वानरांना काही देऊ नका. एकदा चटक लागली की ती पुढच्या माणसाच्या पिशवीवर झडप घालतात.

चूल पेटवू नका, बिडी-सिगारेटही नको. फेब्रुवारीपासून इथलं गवत एका ठिणगीत पेट घेतं.

उतरल्यावर कचरा मंदिराजवळच्या उघड्या डब्यात टाकू नका, वानरं तो उपसून पुन्हा रानभर करतात. पिशवीला गाठ मारून चाळीसगावपर्यंत सोबत न्या.