घागर बुडताच उजळणारी विहीर

बडोद्यातील एका महाविद्यालयात मी गेली बावीस वर्षे सूक्ष्मजीवशास्त्र शिकवते. दरवर्षी प्रात्यक्षिके संपत आली की शेवटच्या वर्षाच्या मुलांना मी एक गृहपाठ देते: एखादे काल्पनिक जग रचा आणि त्यात राहणारा एक नवा सूक्ष्मजीव कल्पा. त्या जगात आकाशात दोन चंद्र असोत किंवा नद्या उलट्या वाहोत, माझी हरकत नसते. पण तो जीव खातो काय, ऊर्जा कशातून मिळवतो आणि त्याची संख्या कशामुळे आटोक्यात राहते, या तीन प्रश्नांची उत्तरे द्यावीच लागतात. माणसाच्या आठवणी खाणारा जीवाणू कागदावर सहज जन्माला येतो, पण त्या आठवणींतून त्याला कार्बन कसा मिळतो हे लिहिताना लेखणी अडते. मुलांनी तसे अडावे, हाच माझा हेतू असतो.

यंदाच्या एप्रिलमध्ये दांडिया बाजारातल्या एका विद्यार्थिनीने जो जीव मांडला, तो मी विसरणार नाही. वर्गात आमचे गुजराती आणि इंग्रजी चालते, पण ती आणि मी मराठीत बोलतो. तिच्या जगातली रात्र चाळीस दिवसांची होती आणि तिथले लोक खोल, पायऱ्यांच्या विहिरींतून पाणी काढत. लक्ष्मी विलास राजवाड्याच्या आवारातली नवलखी वाव, म्हणजे पायऱ्यांची जुनी विहीर, पाहून तिला ही कल्पना सुचली होती. विहिरीच्या दगडांवर आणि पाण्यात राहणाऱ्या जीवाणूला तिने ‘दीपिका कूपवासिनी’ असे प्रजाती आणि जाती मिळून दोन शब्दांचे रीतसर नाव दिले होते. तिथले लोक मात्र त्याला नुसते ‘विहीरदिवा’ म्हणत. पाण्यात कुजणारा पालापाचोळा वाढला की तो माजतो आणि निळसर उजेड देतो, म्हणून उजळलेल्या विहिरीचे पाणी कोणी पीत नाही, असे तिने लिहिले होते.

मी तिला आधी गर्दीबद्दल विचारले. प्रकाश निर्माण करणे पेशीला महाग पडते. मग एकटीदुकटी पेशी तो का करील? तिने उत्तर दिले, की प्रत्येक पेशी एक संदेशवाहक रेणू बाहेर सोडते, गर्दी झाली की तो पुरेसा साठतो आणि मगच प्रकाशाची जनुके जागी होतात. हे १९७० साली निल्सन, प्लॅट आणि हेस्टिंग्ज या शास्त्रज्ञांनी समुद्री जीवाणूंत दाखवून दिले आहे. हवाईच्या समुद्रातले एक इवलेसे माकूळ असेच जीवाणू पोटाशी बाळगते आणि त्यांच्या उजेडाने चांदण्यातली आपली सावली पुसते, हेही तिला ठाऊक होते. हा भाग तिने नीट अभ्यासला होता.

माझा दुसरा प्रश्न मला निर्णायक वाटत होता. असा उजेड पडायला प्राणवायू लागतो, कारण प्रकाश निर्माण करणारे ल्युसिफरेज हे विकर (एन्झाइम) त्याच्याशिवाय चालत नाही. कुजक्या पदार्थांनी भरलेल्या, हालचाल नसलेल्या खोल पाण्यात तर प्राणवायू उरतच नाही. तिच्या कागदावर मी लाल शाईने प्रश्नचिन्ह काढले होते आणि शेजारी ‘येथे कल्पना मोडते’ असे लिहिलेही होते.

ती म्हणाली, “मॅडम, म्हणूनच ती विहीर एरवी काळोखीच असते. घागर बुडते तेव्हा पाणी घुसळते, वरची हवा आत जाते आणि तेवढ्यापुरता उजेड पडतो. मी तसे तिसऱ्या पानावर लिहिले आहे.”

तिसरे पान मी घाईत चाळले होते. ते पुन्हा वाचले आणि मला अतिशय वाईट वाटले, कारण तिने लिहिलेली गोष्ट खरीच घडते, आणि ती मी स्वतः शिकवते. रॉबर्ट बॉइल या शास्त्रज्ञाने सतराव्या शतकातच दाखवले होते, की कुजताना बुरशीमुळे चमकणारे लाकूड ठेवलेल्या भांड्यातली हवा काढून घेतली की चमक विझते आणि हवा परत सोडली की उजळते.

सुदैवाने आदल्या आठवड्यात आम्ही समुद्री मासळी तीन टक्के मिठाच्या पाण्यात, थंड जागी रात्रभर ठेवून तिच्यावरचे चमकणारे जीवाणू वेगळे केले होते. बाहेर उन्हाचा कहर असला तरी त्यांचा फ्लास्क वीस अंशांच्या इन्क्युबेटरमध्ये सुखरूप होता. मी सगळ्या मुलांना अंधाऱ्या खोलीत नेले आणि दार लावले. पहिली पाच-सात मिनिटे कोणालाच काही दिसेना. मग डोळे सरावले, तेव्हा फ्लास्कमध्ये फक्त वरच्या कडेला, जिथे द्रवाला हवा लागत होती तिथे, एक फिकट निळे कडे दिसू लागले. खालचा सगळा द्रव काळा होता. मी फ्लास्क त्या मुलीच्या हातात दिला. तिने मनगट वळवून तो गोल फिरवला आणि तळापर्यंत सारा द्रव एकदम उजळला, इतका की तिची बोटे काचेवर ओळखू येत होती. थोड्या वेळाने उजेड तळाकडून मावळत गेला आणि पुन्हा ते कडेच तेवढे उरले. कोणी बोलले नाही. तिने फ्लास्क परत फिरवला.

बाहेर आल्यावर मी तिच्या देखतच लाल शेरा खोडला आणि तिची क्षमा मागितली. ती मात्र दुसऱ्याच विचारात होती.

“मॅडम, म्हणजे ज्या विहिरीवर कोणी जातच नाही, ती सगळ्यांत घाण असूनही कधी उजळणार नाही. परका वाटसरू तर फसेल.”

मी म्हटले, “हो गं, फसेल. मग तुझ्या जगातले लोक त्यावर काय करतात?”

तिने तिथेच, व्हरांड्याच्या कठड्यावर कागद ठेवून चौथ्या पानाच्या तळाशी एक वाक्य वाढवले: त्या देशात अनोळखी विहिरीत घागर सोडण्याआधी एक दगड टाकतात आणि सगळे जण वाकून पाहतात.