पाणवेलीचं माहेर

गंगापूर धरणातून विसर्ग वाढला की आपण नाशिककर गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीकडे बघतो, पाणी कमरेला लागलं की छातीला, आणि खाली सायखेड्याचे लोक पुलाकडे बघतात, कारण वरून वाहत आलेल्या पाणवेली (जलपर्णी) तिथे अडकतात, पाण्याला फुगवटा येतो आणि मग जेसीबी लावून ओढत बसा. ही पाणवेल मूळची इथली नाहीच बरं का, तिचं माहेर अ‍ॅमेझॉनचं खोरं. आणि तिकडे तिच्या नावाने फारशी बोंब नाही! का नाही, एवढंच बघायला मोबाईल घेतला आणि अर्धी रात्र गेली.

अ‍ॅमेझॉन पेरूच्या अँडीजमध्ये उगम पावते, पॅसिफिक तिथून दोनशे किलोमीटरसुद्धा नाही, तरी ही निघते पूर्वेला, साधारण ६,४०० किमी, थेट अटलांटिक. (आपली गोदाही तसलीच, अरबी समुद्र जवळ सोडून १,४६५ किमी पलीकडे बंगालच्या उपसागराला.) पण खरी गंमत उताराची आहे. पेरूतलं इक्विटोस बंदर समुद्रापासून सुमारे ३,६०० किमी आत आणि उंची जेमतेम १०० मीटर, मग पाणी धावणार कुठे, ते आडवं पसरतं. ब्राझीलच्या मानाउसला पातळी दरवर्षी साधारण १० मीटर वरखाली होते, म्हणजे तीन मजले, आणि तिथल्या बंदरात १९०२ पासून त्याची नोंद ठेवतात. तो त्यांचा दुतोंड्या मारुती म्हणा. २०२१ च्या जूनमध्ये तिथे ३० मीटरचा आकडा पार झाला आणि २०२४ च्या ऑक्टोबरात १२ च्या आसपास, आतापर्यंतचा नीचांक.

पूर आला की जंगल महिनोन्‌महिने पाण्यात उभं असतं, तंबाकी नावाचा मासा झाडांमधून पोहत पडलेली फळं आणि बिया फोडून खातो, भारी ना. पाणवेलीचे तरंगते गालिचे त्याच पाण्यावर वाढतात, मॅनाटी नावाचा पाण्यात राहणारा सस्तन प्राणी त्या चरतो, बऱ्याच वाहून जातात, आणि पाणी उतरलं की उरलेल्या जमिनीवर बसून वाळतात, कुजतात, त्याचंच खत होतं. अडकायला मधे बंधारा नाही की पूल नाही, मुख्य नदीवर तर पूलच नाहीये!

बरं, सगळीकडे असंही नाही. मानाउसजवळ काळी निग्रो नदी आणि गढूळ सोलिमोइस (म्हणजे तिथवरची अ‍ॅमेझॉनच) भेटतात आणि काही किलोमीटर न मिसळता शेजारी शेजारी वाहतात, कारण निग्रो कोमट आणि संथ, सोलिमोइस गार, जड आणि वेगवान. सोलिमोइस अँडीजचा गाळ आणते, त्यात पोषण भरपूर, म्हणून पाणवेली तिच्या बाजूला. निग्रो जुन्या खडकातून, वाळूतून येते, पाचोळ्याचा अर्क उतरून काळी आणि आंबट झालेली, तिथे पाणवेलीला खायलाच काही नाही, त्यामुळे ती नावापुरती.

आता आपल्याकडे बघा. पाणवेल उपटली तर खाली काळी पिसासारखी मुळं लोंबतात आणि देठाचा फुगा दाबला की आत नुसता स्पंज. ती मुळं पाण्यातलं नायट्रोजन, फॉस्फरस ओढतात, आणि ते आपल्याकडे अँडीजवरून नाही, नाल्यांतून येतं, वर बंधाऱ्यांमुळे पाणी संथ. अशा पाण्यात दोनेक आठवड्यांत दुप्पट होते ती. बिया तर गाळात वर्षानुवर्षं जिवंत राहतात, त्यामुळे नाले तसेच ठेवून नुसत्या पाणवेली उपसणं म्हणजे पुढच्या वर्षीचा ठेका आत्ताच देऊन टाकणं, आणि उपसलेला ढीग काठावरच ठेवला तर पहिल्याच पुरात तो परत सायखेड्याकडे निघतो.