मधली रेघ

कॉब्लर म्हणजे खाली फळं, वर पिठाचे गोळे, आणि दोन्ही एकाच भांड्यात एकत्र भाजलेले. वाचायला सोपं वाटतं. अडचण अशी की खालच्याला रटरटून उकळायचं असतं आणि वरच्याला कोरडं फुलायचं असतं. एकाच्या वाफेने दुसऱ्याचं पोट भिजतं. त्यामुळे कॉब्लर जमला की फसला हे वरच्या सोनेरी रंगावरून ठरवू नये. मधला एक गोळा चमच्याने उचलावा, उलटा करावा आणि त्याची खालची बाजू बघावी. रस आणि पीठ जिथे भेटतात तिथे बोटाच्या पेराच्या निम्म्याएवढी ओलसर, मऊ, रंगलेली रेघ असते. ती रेघ शिजलेली असेल तर सगळं माफ. ती कच्ची, चिकट, रंगाऱ्याच्या लांबीसारखी पांढरट असेल, तर वर कितीही आइस्क्रीम घाला, ती जिभेला सापडतेच.

पदार्थ अमेरिकेचा, १९व्या शतकातला. तिथे जाऊन वसलेल्यांना पुडिंग आणि ‘पाय’ (पिठाच्या पारीत सारण भरून भाजलेला पदार्थ) ठाऊक होते, पण नीट भट्टी हाताशी नसायची. जाड बिडाच्या भांड्यात फळं घालायची, वर पिठाचे गोळे टाकायचे, झाकण लावायचं आणि खाली-वर निखारे ठेवायचे. नाव कुठून आलं यावर एकमत नाही. वरचे गोळे दगडी फरसबंदीसारखे दिसतात म्हणून, असं बरेच जण मानतात. इंग्रजीत याच शब्दाचा दुसरा अर्थ जोडे शिवणारा असा आहे. त्याचा या पदार्थाशी संबंध असेलच असं नाही, पण गंमत म्हणून लक्षात ठेवायला हरकत नाही, कारण इथेही सगळी कसोटी जोडाचीच आहे. याच्या भावंडांची नावंही ऐकण्यासारखी: ओट्सचा चुरा पसरला की क्रिस्प, चुलीवर झाकून वाफवला की ग्रंट किंवा स्लम्प, आणि पारी मोडून रसात दाबली की पॅनडाउडी.

आता फळं. हा कॉब्लर बेरींचा, लिंबू-संत्र्याच्या वासाचा. २३ सेंटिमीटरच्या चौकोनी, ५ सेंटिमीटर खोल भांड्याला सगळ्या बेरी मिळून ९०० ग्रॅम लागतात. निम्मा भाग ब्लूबेरीचा ठेवला तर निश्चिंत राहता येतं. तिची साल टिकते, ती सावकाश फुटते आणि रसाला अंग देते. उरलेल्यात २५० ग्रॅम ब्लॅकबेरी किंवा रास्पबेरी. ब्लॅकबेरीचा आकार बऱ्यापैकी राहतो, रास्पबेरी मात्र विरघळून नुसता रस होते, म्हणून ती शेवटी वरून पसरायची, ढवळायची नाही. स्ट्रॉबेरी २०० ग्रॅमच्या वर नको. दिसायला राणी, पण भट्टीत तिचं पाणी सुटतं, रंग उडतो आणि उरतो तो फिकट, लिबलिबीत तुकडा. घ्यायचीच तर अर्धी चिरून घ्या. बारीक चिरली तर शोधावी लागते.

लिंबू-संत्र्याचं काम काय, हा प्रश्न फार कमी जण विचारतात, आणि तिथेच पाणी जास्त होतं. संत्र्याचा वास सालीत असतो, रसात नव्हे. सालीच्या रंगीत थरात तेलाचे बारीक कोश असतात, खालचा पांढरा थर कडू असतो. एका संत्र्याची आणि अर्ध्या लिंबाची साल बारीक किसणीवर किसायची, एका जागी एकदाच किसणी फिरवायची आणि पांढरं दिसलं की फळ वळवायचं. सालीवर मेण असेल तर आधी कोमट पाण्यात घासून धुवावं. हा कीस थेट फळांवर टाकला तर अर्धा वास वाया जातो. त्याऐवजी १२० ग्रॅम साखरेत घालून बोटांनी मिनिटभर चोळायचा. साखरेचे दाणे कोश फोडतात, तेल साखरेत उतरतं, साखर ओलसर आणि पिवळट होते. या एका मिनिटाने जेवढा फरक पडतो तेवढा कपभर रसाने पडत नाही.

रस हवाच, पण चव उठवण्यापुरता: लिंबाचा एक मोठा चमचा, बस. संत्र्याचा अर्धा कप रस ओतणाऱ्याला आपण फळांत सरळ पाणी ओततोय हे जाणवत नाही, कारण ते पाणी गोड असतं. संत्रं तोंडात लागायलाच हवं असेल तर एका संत्र्याच्या फोडी पातळ पडदा काढून घ्या आणि चाळणीत दहा मिनिटं निथळू द्या. पडदा ठेवला तर तो भाजून चिवट होतो आणि दातात अडकतो. ग्रेपफ्रूटच्या वाटेला मात्र जाऊ नये. बेरींचा आंबटपणा आणि त्याचा कडूपणा एकमेकांना सांभाळून घेत नाहीत.

चोळलेल्या साखरेत तीन सपाट मोठे चमचे कॉर्नफ्लोअर आणि चिमूटभर मीठ कोरडंच मिसळायचं. कॉर्नफ्लोअर म्हणजे मक्याचं पांढरं सत्त्व; पिवळं मक्याचं पीठ इथे चालत नाही. साखरेचे दाणे या सत्त्वाचे कण एकमेकांपासून दूर ठेवतात, म्हणून गुठळ्या होत नाहीत. मग हे सगळं फळांना लावायचं आणि लगेच भट्टीत ठेवायचं. तासभर बाजूला ठेवलं तर साखर फळांतलं पाणी ओढून घेते आणि तळाशी तळं साचतं.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, जी बहुतेक पाककृतींत एका ओळीत उरकलेली असते किंवा नसतेच. गोळे थंड फळांवर टाकू नयेत. थंड फळांवर थंड पीठ पडलं की वरून धग लागते, खालून लागत नाही. फळं गरम व्हायला वीस मिनिटं लागतात आणि तेवढ्या वेळात गोळ्याचा तळ रस पीत बसतो. वरचा भाग भाजून कडक होतो, मग सुटलेली वाफ त्याखाली कोंडते. कच्ची रेघ तयार होते ती इथे. उपाय साधा आहे. भट्टी १९० अंशांवर तापवून, फळांचं भांडं एकटंच खालच्या कप्प्यात १५ ते २० मिनिटं ठेवायचं, कडेने बुडबुडे दिसेपर्यंत. पंख्याची भट्टी असेल तर १७५ अंश पुरे. मग त्या उकळत्या फळांवर गोळे टाकायचे. तळाला पहिल्या क्षणापासून वाफ मिळते, त्याचा पृष्ठभाग पटकन धरतो आणि रस आत शिरायच्या आधी पीठ शिजू लागतं.

पीठ भिजवायचं ते फळं भट्टीत असताना, आधी नाही. बेकिंग पावडर ओली झाली की कामाला लागते आणि आपली वाट बघत नाही. कोरडं मात्र आधी तयार ठेवता येतं: मैदा १९० ग्रॅम, साखर ५० ग्रॅम, बेकिंग पावडर दीड छोटा चमचा, सोडा पाव छोटा चमचा, मीठ अर्धा छोटा चमचा. त्यात ८५ ग्रॅम फ्रीजमधलं थंडगार लोणी तुकडे करून बोटांच्या टोकांनी चोळायचं, मटारच्या दाण्याएवढे खडे उरले की थांबायचं. रव्यासारखं एकजीव करण्याचा मोह होतो, तो आवरावा. त्या खड्यांतलं पाणी भट्टीत वाफ होतं आणि पिठात पोकळ्या सोडून जातं, गोळा हलका होतो तो त्यामुळे. तळहात गरम असतील तर काटा वापरा, किंवा लोणी गोठवून किसणीवर किसा.

मग १२० ग्रॅम दही आणि ४० मिलिलिटर दूध घुसळून एकदम ओतायचं आणि काट्याने दहा-बारा वेळा फिरवायचं. तळाशी थोडा कोरडा मैदा दिसत असताना हात थांबवला तर बरोबर थांबवला. पीठ ओबडधोबड, चिकट, न लाजता गबाळं दिसायला हवं. गुळगुळीत झालं याचा अर्थ ते मळलं गेलं, त्याला ताण चढला, आणि गोळे आता रबरी होणार.

या पिठाचे नऊ गोळे, तीन ओळींत तीन, साधारण ५० ते ५५ ग्रॅमचे. चमच्याने टाकावे, हाताने वळू नयेत, आणि दोन सेंटिमीटरपेक्षा जाड ठेवू नयेत. दोन गोळ्यांमध्ये बोटभर जागा सोडायची. रस दिसत राहावा म्हणून ही जागा नसते, ते धुराडं असतं. वाफेला वाट हवी. सगळं झाकून टाकलं की ती खालीच गार होऊन पाणी बनते आणि पाणी कुठे जाणार, तर मधल्या रेघेत. गोळ्यांवर जाड दाण्याची साखर भुरभुरली की कुरकुरीत पापुद्रा येतो. भांड्याखाली एक ताट सरकवून ठेवावं. साखरेचा रस भट्टीच्या तळावर जळला की त्याचा वास आठवडाभर घरात राहतो.

२५ ते ३० मिनिटं लागतात, पण घड्याळापेक्षा कानावर विश्वास ठेवा. सुरुवातीला रस खळखळतो: पातळ, घाईचे, लहान बुडबुडे. कॉर्नफ्लोअर शिजलं की आवाज बदलतो, जड बुडबुडे सावकाश फटफटत फुटू लागतात. हा आवाज कडेने आला म्हणून पुरत नाही, भांड्याच्या मधोमध यायला हवा. मक्याचं सत्त्व नीट घट्ट व्हायला रस ९५ अंशांच्या आसपास पोचावा लागतो. कडा तिथे लवकर पोचते, मधला भाग उशिरा. कडा बघून भांडं बाहेर काढणाऱ्याच्या वाट्याला मध्यभागी दुधट, पिठूळ पाणी येतं. गोळ्यांसाठी तापमापक असेल तर मधल्या गोळ्याच्या आत ९३ ते ९५ अंश बघा. नसेल तर काडी तिरकी, तळापर्यंत खुपसा. रंग लवकर चढत असेल तर वर अॅल्युमिनियम फॉइल सैलसर टेकवा. साखर आतलं शिजायच्या आधीच तांबूस होते, ती फसवते.

गोळा उलटा केल्यावर कधी कधी एक विचित्र दृश्य दिसतं: रेघ जांभळी असायच्या ऐवजी निळसर-हिरवट. बुरशीसारखा रंग बघून लोक घाबरतात. तसं काही नसतं. बेरींचा रंग आंबटात लाल, तर सोड्याच्या संगतीत निळा-हिरवा होतो. पिठात सोडा दह्याच्या आंबटपणापेक्षा जास्त पडला की उरलेला सोडा बरोबर या सीमेवर येऊन फळांच्या रंगाशी भिडतो. खायला धोका नाही, फक्त पुढच्या वेळी चमचा सपाट भरा. साबणासारखी चव आली तर मात्र सोडा बराच जास्त झाला होता.

गोठवलेल्या बेरी चालतात, आणि महाग, अर्धकच्च्या ताज्या बेरींपेक्षा कित्येकदा बऱ्या निघतात. त्या आधी वितळवायच्या नाहीत. कॉर्नफ्लोअर एक चमचा वाढवायचं, पहिलं एकटं भाजणं अर्ध्या तासापर्यंत न्यायचं, मधे एकदा ढवळायचं. काचेच्या भांड्यात मात्र जपून: बर्फाळ फळं भरलेली काच तापलेल्या भट्टीत गेली तर तडकू शकते. चिनी मातीचं भांडं तापमानातला असा झटका दिला नाही तर निर्धास्त असतं. उघड्या अॅल्युमिनियमचं भांडं नको, आंबट रसाला धातूची चव लागते.

बाहेर काढल्यावर अर्धा तास हात लावायचा नाही. हे पाळणं सगळ्यात अवघड आहे, कारण वास तेव्हाच सर्वांत जास्त येतो. पण उकळता रस पातळच असतो, तो निवताना धरतो. दहाव्या मिनिटाला वाढलेला कॉब्लर ताटलीत पळतो आणि सगळा दोष बिचाऱ्या कॉर्नफ्लोअरवर येतो. आणखी एक: वाढायचा चमचा कुणी चाटून परत भांड्यात घातला तर उरलेला रस दुसऱ्या दिवशी पातळ झालेला दिसू शकतो. लाळेतलं पाचकद्रव्य पिष्ट मोडतं. त्यामुळे उष्ट्याचा जुना नियम या भांड्यालाही लागू.

उरलेला भाग झाकून फ्रीजमध्ये तीन दिवस राहतो. मायक्रोवेव्हमध्ये गोळे ओल्या कापसासारखे होतात, म्हणून १७५ अंशांवर उघडाच पंधरा-वीस मिनिटं गरम करावा. वरचा पापुद्रा परत येतो. खालची रेघ मात्र रात्रीतून वर चढलेली असते, निम्मा गोळा जांभळा झालेला असतो, आणि काही जण पहिल्या दिवशी मुद्दाम कमी खातात ते या जांभळ्या गोळ्यांसाठी.